धुऱ्याची मारामारी: केस आपसात मिटवायची का शिक्षेपर्यंत न्यायची?

पेरणी जवळ आली की धुऱ्याची, म्हणजे शेताच्या बांधाची, भांडणं निघतात, आणि एकदा का पोलीस केस झाली की दोन-चार महिन्यांनी घरात एकच विषय सुरू होतो, मिटवायचं का लढायचं. माझ्या चुलतभावाच्या घरी हे सगळं मी जवळून बघितलंय. तुमच्या घरात आत्ता हाच विषय चालू असेल तर पुढचं नीट वाचा.

आमचं रान परभणीकडं. भावकीतल्याच एकानं ट्रॅक्टरनं धुरा दोन तासं (नांगराच्या दोन ओळी) आत सरकवला, दादा विचारायला गेला, शिवीगाळ झाली, लाथाबुक्क्या झाल्या आणि दादा दगडावर पडून उजव्या मनगटाचं हाड मोडलं. ऐन पेरणीत हात गळ्यात. वहिनी भाकर कुस्करून द्यायच्या आणि हा डाव्या हातानं जेवायचा, तेही भिंतीकडं तोंड करून, कोणी बघू नये म्हणून. फिर्याद देताना समोरच्याच्या पोराचंही नाव टाका म्हणणारे लई होते, पोरगं पोलीस भरतीची तयारी करत होतं ना, पण दादानं टाकलं नाही, ते तिथं नव्हतंच. ज्यानं केलं त्यालाच शिक्षा हा फौजदारी कायद्याचा पाया आहे आणि खोटं एक नाव टाकलं की खऱ्या केसवरचाही विश्वास उडतो.

चार्जशीटची कॉपी हातात आली तर वर लिहिलेलं, महाराष्ट्र शासन विरुद्ध अमुक. दादा म्हणला, मार मी खाल्ला अन् माझं नाव साक्षीदारात कामून? तर कायदा असं धरतो की मारहाण नुसत्या तुमच्याविरुद्ध नसते, सगळ्या समाजाच्या शांततेविरुद्ध असते, म्हणून केस सरकार चालवतं, तुमच्या बाजूनं सरकारी वकील असतो, आणि म्हणूनच मिटवायचं का नाही हे प्रत्येक वेळी एकट्या फिर्यादीच्या हातात नसतं.

त्यामुळं सगळ्यात आधी कलम बघा. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. साधी दुखापत म्हणजे कलम ११५(२), १ वर्षापर्यंत कैद किंवा १० हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही, ही तुम्ही स्वतः मिटवू शकता. हाड मोडलं, दात पडला किंवा १५ दिवस माणूस कामातून गेला (आधी ही मुदत २० दिवस होती) तर ती गंभीर दुखापत, कलम ११७(२), ७ वर्षांपर्यंत कैद आणि दंड, ही मिटते पण कोर्टाच्या परवानगीनं. आणि कोयता-कुऱ्हाडीसारख्या हत्यारानं गंभीर दुखापत केली असेल तर ११८(२), ती आपसात मिटतच नाही. म्हणून दवाखान्यातलं जखमेचं सर्टिफिकेट आणि एक्सरे जपून ठेवा, कलम कोणतं लागतं ते बरंचसं त्यावर ठरतं.

आता मिटवण्याची बाजू. कोर्टानं राजीनामा, म्हणजे दोघांची आपसातली तडजोड, मंजूर केला की आरोपी निर्दोष सुटल्यासारखाच धरला जातो, केस तिथंच संपते, पुन्हा त्याच गोष्टीसाठी उकरून काढता येत नाही. राष्ट्रीय लोकअदालत वर्षातून साधारण ४ वेळा तालुक्याच्या कोर्टात भरते, तिथं हे लवकर होतं. दवाखान्याचा खर्च हातात मिळू शकतो. हे शेवटचं महत्त्वाचं आहे, कारण बऱ्याच जणांना वाटतं की आरोपीला दंड झाला की तो आपल्याला मिळतो, तर तसं नाही, दंड सरकारजमा होतो, त्यातून भरपाई द्या असा वेगळा आदेश कोर्टानं केला तरच तुम्हाला मिळतो. तोटा असा की ज्यानं हाड मोडलं त्यानं काही चूक केली हे कुठंच कागदावर येत नाही. दादाला पैशापेक्षा हेच जास्त लागत होतं.

शिक्षेपर्यंत नेण्याची बाजू बघा. शिक्षा कशासाठी याची कायद्याच्या पुस्तकात चार-पाच उत्तरं आहेत, केल्याची परतफेड, इतरांना जरब, माणूस सुधारावा, धोकादायक माणूस बाहेर राहू नये, आणि ज्याचं नुकसान झालं त्याला भरपाई. घरात बसून या प्रत्येकावर बोला, खरंच. परतफेड हवी असेल तर केस लढवणं बरोबर आहे, त्यात लाजण्यासारखं काही नाही, अन्याय झाला त्याला अन्याय म्हणायला कोर्ट असतं. पण जरबेचं तसं नाही. शिक्षा किती मोठी यापेक्षा ती होणार हे किती पक्कं आहे त्यावर जरब बसते, हे बेकारिया नावाच्या इटलीतल्या विचारवंतानं १७६४ मध्येच लिहून ठेवलंय. आपल्याकडं तारखेवर तारखा पडतात, साक्षीदार भावकीतलेच, ऐनवेळी फितूर होतात, आणि संशयाचा फायदा आरोपीलाच मिळतो, तो मिळायलाच पाहिजे नाहीतर निरपराध माणूस आत जाईल. पण आरोपी सुटला की गावात जरब बसायच्या ऐवजी उलटंच होतं. सुधारण्याचं म्हणाल तर आपल्या पैठणला खुलं कारागृह आहे, चांगली वागणूक असलेले कैदी तिथं शेती करतात, मला ती गोष्ट फार मोलाची वाटते, पण सहा महिन्यांच्या शिक्षेसाठी हर्सूलच्या जेलात जाऊन आलेला शेजारी सुधारून येईल का डूख धरून येईल याचा विचार तुम्हीच करा, कारण धुरा तोच राहणार आहे. आणि समोरच्यानं तुमच्यावर क्रॉस केस केली असेल तर तिकडं तुम्ही आरोपी आहात, तेही धरूनच ठरवा.

या दोन्हींच्या मधी एक रस्ता आहे, गावात कोणी सांगत नाही. १९५८ चा अपराधी परिवीक्षा कायदा. यात कोर्ट आरोपीला दोषी ठरवतं पण जेलात न पाठवता चांगल्या वागणुकीच्या बाँडवर सोडतं, ३ वर्षांपर्यंत, त्यात वेडंवाकडं वागला तर शिक्षेसाठी परत बोलावतं, वर जखमी माणसाला भरपाई द्यायचा आदेशही करता येतो. मला विचाराल तर पहिल्यांदाच चुकलेल्या माणसासाठी हेच सगळ्यात चांगलं, चूक कागदावर येते, पुढचे पेरणीचे हंगाम तो हात आवरून राहतो, आणि दोन घरं उद्ध्वस्त होत नाहीत. फक्त हा निर्णय कोर्टाचा असतो, तुम्ही सरकारी वकिलांना तुमचं म्हणणं सांगू शकता एवढंच.

एक गोष्ट मात्र अजिबात करू नका. गावात पैसे घ्यायचे आणि कोर्टात शपथेवर मला काही आठवत नाही म्हणायचं. ११८(२) सारख्या न मिटणाऱ्या केसमध्ये लोक सर्रास हेच करतात. हा राजीनामा नाही, ही खोटी साक्ष आहे, गुन्हा आहे. आणि बलात्कार, पोक्सो (लहान पोरांवरचा लैंगिक अत्याचार), ॲट्रॉसिटीच्या केसमध्ये मिटवा म्हणणाऱ्याला घरातच येऊ देऊ नका. तंटामुक्त गाव मोहीम २००७ ला आली तेव्हा पारावर बसून भांडणं मिटवायची चांगली सवय लागली, पण दुबळ्या माणसानं पारावर बसून हो म्हणणं आणि मनानं हो म्हणणं यात फरक असतो. वकील परवडत नसेल तर तालुक्याच्या कोर्टातच विधी सेवा समिती असते, बाईमाणसाला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला तिथं उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो.

दादाच्या घरी महिनाभर हेच चाललं. शेवटी मीच विचारलं, दादा तुला नेमकं काय पाहिजे? तो म्हणला, माझा धुरा जागेवर पाहिजे आणि त्यानं चुकलं म्हणावं. तेव्हा ध्यानात आलं की धुरा तर फौजदारी कोर्ट जागेवर आणूनच देत नाही, शिक्षा झाली तरी नाही अन् मिटवलं तरी नाही, त्याला मोजणीच लागते. मंग दादानं अट घातली, आधी भूमी अभिलेखची मोजणी, तिचा खर्च समोरच्यानं करायचा, दवाखान्याचे पैसे चेकनं, आणि चूक झाली हे राजीनाम्याच्या अर्जात लिहायचं. समोरचा चूक लिहायला तयारच नव्हता, तीन तारखा त्यातच गेल्या, मंग त्याची म्हातारी आई दादाच्या ओट्यावर येऊन बसली आणि दुसऱ्या दिवशी तो तयार झाला. मोजणीवाल्यानं खुणा करून दिल्या, दोघांनी मिळून दगड रोवले, दादाचा हात तोवर अर्धाच वळत होता. कोर्टात साहेबांनी विचारलं, कोणाचा दबाव आहे का? दादा म्हणला, नाही साहेब, दगड रोवून आलोय.