सिएना: अर्धवट भिंत बघायला तीस युरो

इटलीत फ्लॉरेन्सहून बसने सिएनाला गेलो आणि तिथे प्लेगवरची दोन तासांची पायी सहल घेतली. माणशी तीस युरो. गावभर चढ-उतार आहेत, गुडघे धड असतील तरच जा.

सहलीचा जीव एकाच जागी आहे. मुख्य चर्चला लागून एक भलीमोठी उघडी भिंत नुसतीच उभी आहे. मागे ना छप्पर, ना काही. १३३९ मध्ये सिएनावाल्यांनी फ्लॉरेन्सला खाली बघायला लावेल असं चर्च बांधायला काढलं. आत्ताचं अख्खं चर्च त्यातला नुसता आडवा भाग होणार होतं! १३४८ ला प्लेग आला, काम थांबलं. पुढे बांधकामातच दोष निघाले आणि १३५७ मध्ये नाद सोडला, धोक्याचा भाग पाडून टाकला. गाइडबाई सगळं खापर प्लेगवर फोडत होत्या. मी तीस वर्षं बांधकामं केली आहेत. मला विचाराल तर प्लेग नसता तरी हे काम कुठेतरी अडलंच असतं. एका बाजूच्या कमानी बुजवून आता तिथे संग्रहालय केलंय.

त्याच भिंतीखाली बाईंनी आन्योलो दि तुरा या बखरकाराचं सांगितलं. त्यानं आपली पाच मुलं स्वतःच्या हातांनी पुरली. आमच्यातलं कोणी काही बोललं नाही.

नगरसभेच्या दालनात मात्र घोळ झाला. दुष्ट राज्यकारभाराचं उजाड चित्र दाखवून बाई म्हणाल्या, "प्लेगनंतरचं सिएना." साफ चूक. आम्ब्रोजो लोरेन्झेत्तीनं ते १३३९ पर्यंत पुरं केलं होतं, प्लेग यायला नऊ वर्षं होती. प्लेगचा खरा घाव चित्रात दिसतच नाही: आम्ब्रोजो आणि त्याचा भाऊ पिएत्रो, दोघेही नामांकित चित्रकार, १३४८ नंतर त्यांचा मागमूस नाही. समोरच्या भिंतीवर सुराज्याचं शहर आहे, त्यात परांचीवर गवंडी काम करतायत. बाईंनी तिकडे बोटसुद्धा केलं नाही. मीच बायकोला दाखवले.

शेवटी चौकातलं, प्लेगच्या नवसाचं १३५२ चं छोटं देवघर पाच मिनिटांत उरकलं.

पाचपैकी साडेतीन. दालन आपलं आपण बघा. वरचा अर्धा गुण त्या भिंतीपाशी घाई न केल्याबद्दल.