मंगळदास मार्केट: मालिकेच्या कपडेपटासाठी कापड घेताना

मुंबईत मालिकेच्या कपडेपटासाठी कापड घ्यायचं तर मंगळदास मार्केटला तोड नाही. क्रॉफर्ड मार्केटपासून पायी थोड्या अंतरावर, एकाच छपराखाली सुती, रेशमी, जॉर्जेट, अस्तर सगळं मीटरवर मिळतं. शेजारच्या मुळजी जेठा मार्केटमध्ये मुख्यतः घाऊक कारभार. तिथे दोन कुर्त्यांपुरतं कापड मागण्यात अर्थ नाही. लेस आणि काठ भुलेश्वरला.

निवड भरपूर आहे, पण घेताना कंटिन्यूइटी, म्हणजे एका प्रसंगाच्या सगळ्या शॉट्समध्ये कपडे सारखेच दिसणं, डोक्यात हवी. एकाच प्रसंगाचं शूटिंग चार-पाच दिवसांत विखुरतं, मध्येच कपड्यावर चहा सांडतो, म्हणून महत्त्वाच्या कपड्याच्या दोन प्रती लागतातच. 44 इंच पन्ह्यात लांब बाह्यांचा कुर्ता साधारण अडीच मीटरमध्ये बसतो. दोन कुर्त्यांचे पाच आणि दुरुस्तीसाठी अर्धा, असं साडेपाच मीटर एकाच ताग्यातून, एकाच वेळी कापून घ्यावं. आठवड्याने तोच रंग मागितला तर मिळतोही, पण रंगाईचा लॉट बदललेला असतो. ट्यूबलाइटखाली न जाणवलेला फरक क्लोजअपमध्ये उघडा पडतो. त्यासाठीच कापडाचं टोक धरून गल्लीतल्या उन्हात न्यावं, मोबाइलवर व्हिडिओ काढावा. बारीक रेघा आणि बारीक चौकडी पडद्यावर थरथरताना दिसतात. दुकानात कितीही देखणी वाटली तरी सोडून द्यावी.

कानाजवळ धरून चोळून पाहणं तितकंच गरजेचं. टाफेटा, ऑर्गन्झा खसखसतात, आणि पदराखाली लावलेला लेपल माइक ती खसखस थेट संवादात आणतो.

गडद लाल, निळ्या अस्तरावर ओला पांढरा रुमाल घासून बघा. रुमालाला रंग लागला तर घामाने तोच रंग ब्लाउजच्या काखेत उतरणार. सुती कापड शिवण्याआधी रात्रभर पाण्यात भिजवून, सावलीत वाळवून, इस्त्री करूनच कापायला द्यावं, नाहीतर पहिल्या धुण्यात कुर्ता आटतो आणि दोन प्रतींची लांबी जुळत नाही. शिलाईत दोन्ही बाजूंना इंचभर दाब, म्हणजे शिवणीच्या आत जादा कापड, ठेवायला सांगा.

गैरसोयी आहेतच: गल्ल्या अरुंद, गर्दी दाट, आणि कापलेलं कापड सहसा परत घेत नाहीत. रविवारी मार्केट बंद, त्यामुळे सोमवारच्या शूटिंगचं कापड शनिवारीच हातात हवं.