कापशी कोल्हापुरी: पहिले १५ दिवस सोसा, मग पायातून काढवत नाही
कोल्हापूरच्या चप्पल लाईनमधून ही कापशी (कोल्हापुरी चपलेचा एक प्रकार) घेतली त्याला ६ महिने झाले. पहिल्या आठवड्यात अंगठ्यापाशी एवढी चावली की पट्टी लावून फिरत होतो, पण दुकानदार काका म्हणालेले रोज रात्री एरंडेल लावा आणि दिवसातून तासभरच घाला, तसंच केलं. बाभळीची साल नि हिरड्यात कमावलेलं चामडं ना, दिवसागणिक मऊ पडत गेलं, आता माझ्या टाचेचा खड्डा तळाला चक्क उमटलाय आणि फिकट पिवळट रंग गुळासारखा झालाय! शिवणही चामड्याच्याच वादीची. कोल्हापुरीला २०१९ ला जीआय (भौगोलिक मानांकन) मिळाला तो उगाच नाही. पावसात मात्र अजिबात घालू नका, भिजली की फुगते. करकर आवाज अजून येतो, मला तोच जाम आवडतो.