पास्ता: चार भांडी की एक कढई?

बुधवारचा रात्रीचा स्वयंपाक माझ्याकडे असतो. बायकोच्या शिकवण्या साडेआठला संपतात, पोरांना आठलाच भूक लागते आणि आई-अण्णांचं जेवण भाकरीशिवाय होत नाही. आमची शेगडी दोन बर्नरची. एकावर तवा चढला की पास्त्याला एकच उरतो. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढचं माझं सगळं मत त्या एका बर्नरवर आणि आमच्या नळावर शिजलेलं आहे.

परवा जुळे सोलापुरातून मेहुण्याचा फोन. नवं लग्न, दोघंही नोकरीला. "दाजी, तो चीजवाला पांढरा पास्ता करायचाय. व्हाइट सॉस शिकू की तुमचं ते एका कढईतलं?" फोनवर मी त्याला दोन वाक्यांत उरकलं आणि नंतर वाटलं, हे बरोबर झालं नाही. दोन्ही तऱ्हा मी तीनेक वर्षं केल्यात. दोन्हींनी पोट भरतं, दोन्हींवर पोरं खूश असतात.

व्हाइट सॉसवर अन्याय नको. तो जमला की त्याची सर दुसऱ्याला नाही. लोणी वितळवून त्यात तेवढाच मैदा, कच्चा वास जाईपर्यंत पण रंग न बदलू देता परतायचा आणि मग गार दूध धारेनं घालत ढवळायचं. फ्रेंच लोकांचं बेशामेल ते हेच. चमचाभर लोणी, चमचाभर मैदा, कपभर दूध धरलं की सहसा चुकत नाही. गाठींची लोक उगाच भीती घालतात. गॅस बारीक ठेवा, दूध एकदम ओतू नका, आणि झाल्याच गाठी तर गाळणीतून काढा, जेवणाऱ्याला पत्ता लागत नाही. या तऱ्हेत प्रत्येक जिन्नस आपापल्या वेळेला थांबवता येतो. फरसबी जराशी करकरीत राहते, सिमला मिरची हिरवीगार राहते, पास्ता हवा तेवढाच दाताला लागतो. सॉस आदल्या रात्री करून फ्रीजमध्ये ठेवला तरी चालतं. आणि दिसायला तर पांढराशुभ्र, पाहुण्यापुढे ठेवावा असा.

मग माझं अडलं कुठं? मोरीत.

भांडी मोजा. पास्ता उकडायचं पातेलं, निथळायची चाळणी, भाज्यांची कढई, सॉसचं पातेलं. शिवाय पाणी. पास्त्याच्या पाकिटावर १०० ग्रॅमला लिटरभर पाणी घ्या म्हणतात. आमच्या घरात पास्ता खाणारे चौघं, म्हणजे पाव किलो, म्हणजे अडीच लिटर. ते उकळायचं, मीठ घालायचं, दहा-बारा मिनिटांनी सगळं ओतून द्यायचं. बाहेरगावच्या माणसाला वाटेल, त्यात काय एवढं! आमच्या भागात नळाला चार-पाच दिवसांआड पाणी येतं. शंभरेक किलोमीटरवरच्या उजनीतून निघालेलं ते पाणी आमच्या गल्लीत कधी पहाटे तीनला पोचतं, कधी भर दुपारी. पाळीच्या आदल्या दिवशी घरातला प्रत्येक जण ड्रममध्ये वाकून बघतो.

अशाच एका आदल्या दिवशी मी व्हाइट सॉस केला होता. मार्चचा शेवट, भांड्याच्या मावशी गावाला गेलेल्या, ड्रम तळाला आलेला. जेवणं मजेत झाली. तासाभरानं भांडी घासायला बसलो तर सॉसच्या पातेल्यात पांढरा पापुद्रा धरलेला, कडेला कडक, बुडाला चिकट. काथ्यानं घासलं तर काथ्याच माखला. गरम पाणी ओतलं तर आणखी लगदा झाला. अण्णांनी उभं आयुष्य मागावर चादरी विणल्या. ते हात धुवायला आले, वाकून नखानं पापुद्रा खरवडला, बोटात चोळून बघितला आणि म्हणाले, "ही तर खळ की रे! सुताला दे, वाया कशाला घालवतोस?"

ते थट्टा करत नव्हते. सुताला खळ देतात ती हीच गोष्ट: पिठूळ पदार्थ पाण्यात शिजवून दाट करायचा, धाग्याला लावायचा, वाळला की धागा ताठ. मैद्यातला स्टार्च पातेल्याला धागा समजला, एवढंच. गार पाण्यात तासभर भिजवलं की तो सुटतो हे मला नंतर कळलं. पण त्या रात्री भिजवायला तांब्याभर, विसळायला दोन तांबे आणि चाळणीच्या भोकांतला स्टार्च काढायला आणखी एक, असा हिशेब झाला. आधी ओतून दिलेले अडीच लिटर वेगळेच.

ते उकडलेलं पाणी वाचवायचा प्रयत्न मी करून बघितला. खारट म्हणून तुळशीला चालत नाही. आईनं एकदा त्यातलं पेलाभर गरम पाणी ज्वारीच्या पिठात घालून मळलं. पीठ जुनं होतं, विरी गेलेलं, तरी भाकरी थापताना चिरली नाही. आई खूश झाली. पण भाकरीला लागतं पेलाभर, उरलेल्या दोन लिटरचं काय करायचं ते काही सापडलं नाही.

माझं पारडं खरं तर आईनंच खाली केलं. मी चाळणीत पास्ता निथळत होतो, ती मागं उभी. म्हणाली, "शेवयांची खीर करताना शेवया उकडून, पाणी फेकून, मग दुधात घालतं का कोण?"

याला उत्तर नव्हतं. चांगला पास्ता ड्युरम गव्हाच्या रव्याचा असतो आणि आपला बन्सी गहू त्याच जातीचा. आमच्या आजीनं गव्हले-नखुले वळले, वाळवले, दुधात शिजवले. कुणी कधी निथळले नाहीत. गव्हाचा स्टार्च दुधात उतरतो म्हणून तर खीर दाट होते. जे पाणी मी फेकत होतो त्यातच दाटपणा होता आणि तोच परत आणायला मी मैदा परतत होतो. इटलीतही हे ठाऊक आहे. रोममधल्या मूळ आल्फ्रेदोत ना मैदा, ना क्रीम. लोणी, पार्मेजान चीज आणि पास्त्याचं पिठूळ पाणी, एवढ्यावरच तो मऊसूत होतो.

तर कढईची तऱ्हा अशी. जाड बुडाची कढई, थोडं तेल, थोडं लोणी, लसूण, कांदा. त्यात गाजर आणि फरसबी बारीक चिरून दोन मिनिटं. मग कोरडा पास्ता पाव किलो, साधारण ६०० मिली पाणी, किंचित मीठ, आणि झाकण. सातआठ मिनिटांत पाणी बरंचसं आत जातं आणि दाणा मधोमध थोडा कच्चा राहतो. आता ३०० मिली गरम दूध. मका, मटार, सिमला मिरची याच वेळी, नाहीतर मिरचीचा चोथा होतो. आणखी तीनचार मिनिटं ढवळत राहायचं. कालथा कढईच्या बुडावरून ओढला की मागं क्षणभर वाट दिसते आणि मग रस सावकाश मिटतो, तिथं गॅस बंद. चीज त्यानंतर. मिरपूड, चिली फ्लेक्स ज्याची त्यानं.

दूध सुरुवातीलाच का नाही? मी घातलं होतं. एकदा उतू गेलं, एकदा बुडाला लागलं, आणि करपलेल्या दुधाचा वास कितीही चीज घातलं तरी झाकत नाही. टोमॅटोही या कढईत नको. आंबटपणानं दूध फाटतं आणि पास्ता पनीरच्या चुऱ्यात लोळल्यासारखा दिसतो. पोरांनी तोही खाल्ला, पण बायकोनं "अहो, हे काय?" एवढंच विचारलं.

चीजबद्दल एक गोष्ट सांगतो, पटली तर घ्या. जाणकार मंडळी प्रोसेस्ड चीजच्या क्यूबला नाक मुरडतात. नुसतं खायला त्यांचं बरोबर असेलही. पण त्या क्यूबमध्ये सायट्रेट किंवा फॉस्फेटसारखे क्षार असतात, जे चीजमधली चरबी आणि पाणी एकमेकांपासून सुटू देत नाहीत. त्यामुळे मैद्याचा आधार नसतानाही ते दुधात गुळगुळीत मिसळतं. चेडर जास्त तापलं तर तेल सोडतं, मोझरेला तारा धरतं आणि गोळा होऊन कालथ्याला चिकटतं. बुधवारच्या रात्री मला २५ ग्रॅमचे तीन क्यूब किसून पुरतात.

कढईचेही दोष आहेत. पास्ता थोडा मऊच होतो. ज्यांना तो दातांना लागायला हवा त्यांना हे आवडणार नाही. सोडून जाता येत नाही, ढवळावं लागतं. फोन आला तर फोन कानाला आणि कालथा हातात. रंग गाजरामुळे पिवळट येतो. किराणा दुकानातली सुटी मैद्याची मॅकरोनी या तऱ्हेत चालत नाही, लगदा होतो. रव्याचाच पास्ता आणा. आणि दहा माणसांचा एका कढईत करायला जाऊ नका. मुलीच्या वाढदिवसाला मी गुपचूप व्हाइट सॉसवरच येतो, आणि तो दिवस पाण्याच्या पाळीचा आहे ना हे आधी बघून घेतो.

मागाहून जेवणाऱ्याचाही विचार करा. बायको पावणेनऊला ताटावर बसते. दोन्ही पास्ते गार झाले की घट्ट होतात, त्यात फरक नाही. पण कढईतल्यात अर्धी वाटी गरम दूध घालून हलवलं की तो पुन्हा सैल होतो. व्हाइट सॉसचा माझ्या हातून तरी चकत्या-चकत्यांनी सुटतो. दुसऱ्या कुणाच्या हातून नीट होत असेल.

कुकरमध्ये एका शिट्टीत करणारे मित्र आहेत. मी एकदा केला आणि शिट्टीतून उडालेला फेस टाइल्सवरून पुसत बसलो. डब्यातलं क्रीम घालणं सगळ्यात सोपं, चवही छान. फक्त ते गॅस बंद करून घालायचं, उकळलं तर फुटतं. आमच्याकडे अर्धा डबा वापरला जातो आणि उरलेला आठवडाभरानं फ्रीजच्या मागच्या कोपऱ्यात सापडतो. तयार मसाल्याच्या पाकिटांबद्दल बोलत नाही, पोरांना आवडतात.

मेहुण्याला काल परत फोन केला. आधी विचारलं, "तुमच्याकडं नळ किती दिवसांनी?" म्हणाला, "पाचव्या दिवशी, दाजी." मग म्हटलं, व्हाइट सॉस रविवारी शीक, निवांत. कढई उद्यापासूनच चढव. दोघांना सव्वाशे ग्रॅम पास्ता, ३०० मिली पाणी, १५० मिली दूध, दीड क्यूब. कढई लहान घे, नाहीतर पाणी आधीच आटून जाईल.

एक सांगायचं राहिलं त्याला. आमची मुलगी वरून शेंगांची चटणी भुरभुरते, चांगली दोन चमचे. पहिल्यांदा मी ओरडलो, मग माझ्याही ताटात घेतली. तिखट, लसूण, दाण्याचं तेल, खाली दूध आणि चीज. चीज खारट, चटणीही खारट. म्हणून कढईत मीठ मी पाव चमचाच घालतो.