शेड विकताना पीएफची थकबाकी खरेदीदाराच्या भरवशावर सोडू नका

पुण्याजवळ भोसरी, चाकण, पिरंगुटकडे लहान कारखान्याची शेड विकताना ही फसवणूक एका साध्या वाक्यातून होते. समजा, कामगारांच्या पीएफची सहा लाखांची थकबाकी आहे. घेणारा म्हणतो, "तुम्ही कशाला धावपळ करता? सहा लाख किमतीतून वळते करतो, चलन मी भरतो." चलन म्हणजे पीएफचा भरणा करण्याचा कागद. करारनाम्यात ओळ येते की सर्व वैधानिक देणी खरेदीदार भरेल. विकणारा निर्धास्त होतो आणि ते सहा लाख कधीच भरले जात नाहीत.

ती ओळ फक्त त्या दोघांपुरती असते. पीएफ कार्यालय त्या करारात पक्षकार नाही. १९५२च्या पीएफ कायद्याची जागा नोव्हेंबर २०२५ पासून सामाजिक सुरक्षा संहितेने घेतली; इथले कलम क्रमांक जुन्या कायद्याचे आहेत. त्यातलं कलम १७-बी सांगतं की आस्थापना, म्हणजे कारखान्याचा व्यवसाय, विक्री, बक्षीस, भाडेपट्टा, कशानेही दुसऱ्याकडे गेली तरी हस्तांतराच्या तारखेपर्यंतच्या देण्याला दोघेही जबाबदार, एकत्रही आणि एकेकटेही. घेणाऱ्याची जबाबदारी त्याला मिळालेल्या मालमत्तेच्या किमतीपुरती असते. विकणाऱ्याला तशी मर्यादा नाही.

खरा घात नोटिशीच्या पत्त्यात आहे. थकबाकी ठरवण्यासाठीच्या कलम ७-ए च्या सुनावणीची नोटीस कारखान्याच्या पत्त्यावर जाते. तिथे आता खरेदीदार बसलेला असतो आणि तो ती पुढे पाठवत नाही. एकतर्फी आदेश निघतो, वसुली सुरू होते, बँक खातं गोठतं, तेव्हा मूळ मालकाला कळतं. असा आदेश हाती आला तर तो मिळाल्यापासून तीन महिन्यांच्या आत, गैरहजेरीचं कारण दाखवून तो रद्द करण्याचा अर्ज करता येतो. ही मुदत हातची घालवू नका.

रक्कमही सहा लाखांवर थांबत नाही. दोन वर्षं उशीर झाला तर ७-क्यू खाली दरसाल १२ टक्के व्याज, म्हणजे १,४४,०००. १४-बी खालचा दंड जून २०२४ पासूनच्या थकबाकीला महिना १ टक्का, म्हणजे आणखी १,४४,०००. एकूण ८,८८,०००. त्याआधीच्या, सहा महिन्यांहून जास्त रखडलेल्या थकबाकीला दंडाचा दर दरसाल २५ टक्क्यांपर्यंत होता. पगारातून कापलेला कामगारांचा हिस्सा भरला नसेल तर विश्वासघाताचा फौजदारी गुन्हा वेगळा, आणि तो कापणाऱ्या मालकावर.

घेणाराही असाच अडकतो. वकिलाचा तीस वर्षांचा सर्च रिपोर्ट, म्हणजे मालकीच्या नोंदींचा शोध, स्वच्छ येतो, कारण पीएफचा बोजा दुय्यम निबंधकाकडे नोंदवलेला नसतो. तरीही कलम ११(२) प्रमाणे आस्थापनेच्या मालमत्तेवर पहिला बोजा पीएफचाच. दंडाची रक्कमही घेणाऱ्याकडून वसूल होऊ शकते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये स्पष्ट केलं आहे.

म्हणून थकबाकीचं चलन विकणाऱ्याने पीएफच्या संकेतस्थळावरच्या स्वतःच्या लॉगिनवरून काढावं. पैसे खरेदीदाराच्या इसाऱ्यातून आले तरी चालतील, पण चलन भरल्याची पावती हाती आल्याशिवाय ताबा देऊ नये. पीएफच्या संकेतस्थळावर आस्थापना शोधली की कोणत्या महिन्याचे किती पैसे, किती कामगारांसाठी आणि कधी जमा झाले ते कुणालाही दिसतं. तो कामगारांचा आकडा हजेरीपटाशी ताडून पाहा. पटावर ३० आणि चलनात १८ दिसले तर उरलेल्या १२ जणांची थकबाकी पुढे निघू शकते. कंत्राटदाराची माणसंही मोजायची, त्यांना विसरणं सगळ्यात महागात पडतं.

मालकी बदलल्यापासून १५ दिवसांत पीएफ कार्यालयाला फॉर्म ५-ए मध्ये (मालकीची माहिती देणारा फॉर्म) बदल कळवायचा आणि त्यासोबत नोटिशीसाठी आपल्या घरचा पत्ता लेखी द्यायचा. पोच जपून ठेवायची.

लॉगिन आणि डिजिटल सही मात्र खरेदीदाराच्या अकाउंटंटला "दोन महिने वापरा" म्हणून देऊ नका. तो तुमच्या जुन्याच पीएफ कोडवर (आस्थापनेचा नोंदणी क्रमांक) कामगारांची नावं भरत राहतो, पैसे भरणं थांबवतो, आणि पीएफच्या नोंदीत मालक म्हणून नाव तुमचंच राहतं.