गच्चीवरून की जमिनीखालून? सोसायटीची फायबर लाइन ठरवताना

मुंबईत सोसायटीपर्यंत फायबर बहुतेक दोन वाटांनी येते: शेजारच्या इमारतीच्या गच्चीवरून ताणलेल्या केबलने, किंवा रस्त्याखालच्या पाइपातून. कमिटीच्या सभेत चर्चा रंगते ती मासिक भाड्यावर आणि वेगाच्या आकड्यावर. माझ्या मते त्याआधी विचारायचं ते हे, की केबल कोणत्या वाटेने येणार आणि तुटली तर ती कोण, कशी जोडणार.

सिग्नलचा हिशोब अवघड नाही. जीपॉन जोडणीत, म्हणजे एकच फायबर अनेक घरांत वाटणाऱ्या पद्धतीत, एका फायबरमधला प्रकाश स्प्लिटरमधून (प्रकाश विभागणाऱ्या डबीतून) ३२ घरांत वाटला, तर तिथेच सुमारे १७ डेसिबल (सिग्नलची घट मोजायचं एकक) जातात. त्यापुढे फायबरच्या काचेतली घट किरकोळ आहे: १३१० नॅनोमीटर तरंगलांबीच्या प्रकाशाला किलोमीटरमागे साधारण ०.३५ डेसिबल, १५५० ला ०.२. कंपनीच्या केंद्रातून ३ डीबीएम (प्रकाशाच्या ताकदीचा आकडा) निघाले, वाटेत तीन किलोमीटर केबल, हा स्प्लिटर आणि चार-पाच जोड आहेत असं धरलं, तर घरातल्या मोडेमवर उणे १७ च्या आसपास आकडा दिसायला हवा. सर्रास वापरल्या जाणाऱ्या बी प्लस वर्गाच्या मोडेमची मर्यादा उणे २७, त्याखाली सिग्नल त्याला धड वाचता येत नाही. मधले दहा डेसिबल ही तुमची शिल्लक. ती कशात खर्च होते, यावर दोन्ही वाटांमधला खरा फरक ठरतो.

गच्चीवरची केबल लवकर येते आणि खोदकाम लागत नाही. पण ती उघड्यावर असते. कठड्याच्या धारेवर दाबली जाते, वाऱ्यात हलत राहते, आणि समुद्राच्या खाऱ्या हवेने तिला तोलणारी लोखंडी तार गंजते. पावसाळ्यापूर्वीची फांद्यांची छाटणी, जानेवारीतला मांजा, उंच गणेशमूर्तींच्या मिरवणुकीसाठी वर उचललेल्या किंवा कापलेल्या वायरी, हे सगळं तिच्याच वाट्याला. लालबाग-परळच्या रस्त्यांवरच्या सोसायट्यांनी हे गृहीतच धरावं. तुटलेली जागा मात्र डोळ्यांना दिसते आणि अनेकदा त्याच दिवशी जोडून होते. खरं नुकसान या घाईच्या जोडणीत होतं. मशीनने काच वितळवून केलेल्या जोडात ०.१ डेसिबलहून कमी जातं. नुसत्या क्लिपने दाबलेल्या जोडात ०.२ ते ०.५, आणि ओल व धूळ शिरली की तो पुढे आणखी बिघडतो. दरवर्षी दोन-तीन असे जोड पडत गेले, तर शिल्लक कधी संपली ते कळतही नाही. मग एखाद्या पावसाळी रात्री मोडेमवर लाल दिवा लागतो.

जमिनीखालची केबल शांत राहते. ऊन, वारा, मांजा यांचा तिला त्रास नाही. तिचे शत्रू वेगळे: घुशी, दुसऱ्याच कुणाच्या कामासाठी चाललेला जेसीबी, आणि चेंबरमध्ये साचलेलं पाणी. पाण्याने प्रकाश लगेच कमी होत नाही. पण जोडपेटीचं सील गेलं, की ताणाखालच्या काचेतले सूक्ष्म तडे ओलाव्याने हळूहळू वाढतात. घुशींसाठी पोलादी पट्टीचं कवच असलेली केबल मागावी.

दुरुस्तीत मात्र जमिनीखालची बाजू लंगडी पडते. ओटीडीआर यंत्र (फायबरमध्ये प्रकाश सोडून तूट शोधणारं) तुटीचं अंतर सांगतं, पण ते केबलच्या लांबीचं असतं. चेंबरमध्ये गुंडाळून ठेवलेली जादा केबल वजा केल्याशिवाय रस्त्यावरची नेमकी जागा सापडत नाही. त्यातच पावसाळ्यात रस्ते खोदण्यावर महापालिकेचे निर्बंध असतात. म्हणून सगळ्यात मोलाचा प्रश्न असा: केबल थेट मातीत पुरली आहे, की पाइपात? पाइप असेल आणि तो बुजलेला नसेल, तर जुनी केबल ओढून काढून नवी घालता येते, चर न खोदता. थेट मातीत पुरलेल्या केबलपेक्षा मी गच्चीवरची नीट बांधलेली केबल पत्करेन.

इमारतीच्या आतलं काम दोन्ही वाटांना सारखंच, आणि तिथेच हयगय जास्त. साधी जी.६५२डी प्रकारची फायबर ३० मिलिमीटरपेक्षा कमी त्रिज्येत वाकवू नये, जास्त वाकणारी जी.६५७ए२ ही ७.५ मिलिमीटरपर्यंत चालते. जुन्या चाळीतल्या जिन्याच्या कोपऱ्यांसाठी दुसरीच घ्यावी. हिरव्या कनेक्टरचं टोक ८ अंश तिरकं असतं. सरळ टोकाच्या निळ्या कनेक्टरला ते जोडलं तर सिग्नल पडतो.

रस्ता रुंद असेल आणि पाइप आधीपासून असेल, तर जमिनीखालून घ्या. विचार करत बसू नका. गिरगाव-दादरच्या आतल्या गल्ल्यांत गच्चीवरूनच घ्यावी लागेल. तिथे केबल कठड्याला घासणार नाही अशी बांधून घ्या, आणि प्रत्येक तुटीनंतर मशीननेच जोड, ही अट लेखी घाला. सोसायटीत दवाखाना असेल किंवा घरून काम करणारे बरेच असतील, तर दोन कंपन्या घ्या, पण दोन वेगळ्या वाटांनी. एकाच पाइपातून आलेल्या दोन कंपन्या एकाच जेसीबीने बंद पडतात.

करार कोणताही असो, पहिल्या दिवशीचा प्रत्येक घराचा डीबीएम आकडा वहीत लिहून घ्या. प्रत्येक दुरुस्तीनंतर, आणि दर एप्रिलमध्ये, पुन्हा मोजा. दोन डेसिबलहून जास्त घसरण दिसली तर तक्रार मे उजाडण्याआधी करा, म्हणजे खोदावं लागलंच तर ते पावसाआधी उरकेल.