तळणीचा थर्मामीटर: कुरकुरीत मासा आणि केशर आंब्याचा सॉस करून पाहिल्यानंतर

बडोद्यातील आमच्या घरी मासा आठवड्यातून एकदा होतो, आणि तो बहुधा तांदळाच्या पिठात व रव्यात घोळवून तव्यावर परतला जातो. सरबरीत पिठात बुडवून, कढईत भरपूर तेलात तळून, फळाच्या गोड-आंबट सॉसबरोबर मासा वाढण्याचा प्रकार मुलींच्या आग्रहामुळे दोन वर्षांपूर्वी सुरू झाला. तो पहिल्या दिवसापासून सर्वांना आवडला, परंतु मला त्याचे समाधान कधी मिळाले नाही; कारण कढईतून काढताना खडखडीत वाजणारे आवरण पानात पडेपर्यंत मऊ पडत असे आणि तुकडा मोडला की आतून तेल ओघळत असे. पिठाचे प्रमाण बदलून पाहिले, बाजारात मिळणारे तयार मिश्रणाचे पाकीट आणून पाहिले, तेलही बदलले. शेवटी ३८० रुपयांना, अन्नात खुपसण्याची पोलादी सळई असलेला एक साधा डिजिटल थर्मामीटर घेतला. सहा महिने तो नियमितपणे वापरल्यानंतर त्याविषयी सविस्तर लिहावेसे वाटते, कारण या पदार्थासाठी मी जो काही खर्च केला त्यातील सर्वांत सार्थ खर्च हाच ठरला.

अशा थर्मामीटरवर उत्पादकाचे नाव कोणते आहे याला मी फारसे महत्त्व देत नाही. या किमतीचे बरेचसे नमुने रचनेने एकसारखेच असतात. सुमारे वीतभर लांबीची सळई, वर आकडे दाखवणारी छोटी काच, सेल्सिअस आणि फॅरनहाइट यांत बदल करण्याचे बटण, आणि आत घड्याळात घालतात तसा चपटा सेल. माझ्याकडील नमुन्याची मर्यादा उणे ५० पासून ३०० अंश सेल्सिअसपर्यंत आहे. तळणीसाठी २०० अंशांच्या पुढची मोजदाद आवश्यक असते. ताप मोजण्याचा थर्मामीटर येथे उपयोगाचा नाही, हे वेगळे सांगायला नको.

वस्तू हाती आली की प्रथम तिची परीक्षा करावी. बडोदे समुद्रसपाटीपासून फार उंचावर नसल्याने येथे पाणी जवळजवळ १०० अंशांवरच उकळते, आणि वितळत्या बर्फाचे पाणी शून्य अंशावर असते. मला प्रथम आलेला नमुना खळखळ उकळत्या पाण्यात ९४ अंश दाखवत होता. तो मी परत पाठवला, तेव्हा विक्रेत्याने तक्रार न करता बदलून दिला. दुसरा ९९ आणि शून्य दाखवतो, आणि एका अंशाची चूक तळणीत खपून जाते. ही पाच मिनिटांची तपासणी टाळली असती, तर सहा अंशांची चूक मी महिनोन्‌महिने खरी मानून चालले असते.

आता मुख्य मुद्दा तेलाचा. माझ्या सासूबाई पिठाचा थेंब तेलात टाकून तेल तापले की नाही हे ओळखतात, आणि ही पारख अनेक वर्षांच्या सवयीने आलेली असल्यामुळे ती चुकत नाही: त्यांनी ‘झाले’ म्हणताच मी सळई बुडवली, तेव्हा कधी १७४ तर कधी १८१ असा आकडा दिसला. माशाच्या अशा तळणीला १८० अंशांच्या आसपासचे तेल लागते, म्हणजे त्यांचा अंदाज अगदी नेमका होता. मात्र थेंबाची ही परीक्षा पहिला घाणा सोडण्यापूर्वी एकदाच होते. तुकडे पडल्यानंतर तेलाचे काय होते, हे मला प्रथम या आकड्यांनी दाखवले. एक लिटर तेलात मी नेहमीप्रमाणे सहा तुकडे एकदम सोडले, तेव्हा तेल मिनिटभरात १४५ वर उतरले आणि आच मोठी करूनही ते बराच वेळ १६० च्या वर आले नाही. तीन तुकडे सोडले, तेव्हा ते १६५ च्या खाली गेले नाही. दोन वर्षे मी ज्या दोषाचे खापर पिठावर फोडत होते, तो दोष या एका घाण्यात उघड झाला.

यामागील कारण समजून घेण्यासारखे आहे. पुरेशा तापलेल्या तेलात आवरणातील पाण्याची वाफ जोराने बाहेर पडते; जोवर ती बाहेर ढकलते आहे तोवर तेलाला आत शिरता येत नाही, आणि त्याच वेळात पिठाचे कवच सुकून ताठ होते. तेल थंड पडले की वाफेचा जोर ओसरतो, कवच ओलेच राहते आणि तुकडा बाहेर काढून निवू लागला की पृष्ठभागावरचे तेल त्या ओलसर आवरणात ओढले जाते. याउलट तेल २०० च्या पुढे गेले, तर आवरण तपकिरी होते आणि मासा मध्यभागी कच्चा राहतो. आम्ही शुद्ध केलेले शेंगदाण्याचे तेल वापरतो, ते २२० अंशांच्या पुढे धुरावते. लाकडी घाण्यावर काढलेले सिंगतेल, म्हणजे शुद्ध न केलेले शेंगदाण्याचेच तेल, त्याच्या बरेच आधी धुरावत असल्यामुळे मी ते या कामासाठी घेत नाही, जरी त्याचा वास मला मनापासून आवडतो.

थर्मामीटर जे करू शकत नाही तेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. ओला मासा त्याने कोरडा होत नाही. बडोद्यात ताजी समुद्री मासळी वेरावळसारख्या बंदरांकडून बर्फात येते, परंतु काटे नसलेले सपाट तुकडे हवे असतील तर सहज मिळणारा पर्याय म्हणजे गोठवलेला बासा. गोड्या पाण्यातील रोहूच्या मांसात बारीक काटे इतके असतात की पिठाच्या आवरणाखाली ते मुलांच्या घशाला धोक्याचे ठरतात. बाशात पाणी फार असते. तो रात्रभर फ्रिजच्या खालच्या कप्प्यात वितळू द्यावा, मीठ लावून १५ मिनिटे ठेवावा, सुटलेले पाणी सुती फडक्याने दाबून टिपावे आणि कोरड्या तांदळाच्या पिठाचा हात लावूनच ओल्या पिठात बुडवावा. या पायऱ्या गाळून केवळ तापमान सांभाळले, तर आवरण माशापासून सुटते.

पिठाविषयी थोडक्यात सांगते. ४०० ग्रॅम माशाला १०० ग्रॅम मैदा, ५० ग्रॅम तांदळाचे पीठ, अर्धा चमचा बेकिंग पावडर, मीठ आणि सुमारे १८० मिलिलिटर थंडगार सोडा पुरतो. तांदळाच्या पिठात ग्लुटेन नसल्यामुळे आवरण चिवट होत नाही, आणि सोड्यातील कर्ब वायूचे बुडबुडे त्याला हलके करतात. इंग्लंडमध्ये या कामासाठी बिअर वापरण्याची पद्धत आहे. गुजरातमध्ये १९६० साली राज्य स्थापन झाल्यापासून दारूबंदी असल्याने आमच्याकडे तो प्रश्नच उद्भवत नाही, आणि साध्या सोड्याने काही उणे पडल्याचे मला जाणवले नाही. पीठ तळण्याच्या क्षणी भिजवावे व गुठळ्या राहिल्या तरी जास्त घोटू नये. तयार मिश्रणाच्या पाकिटावरील घटक वाचले तर मैदा, स्टार्च, मीठ आणि फुलवणारी पूड एवढेच प्रामुख्याने दिसतात. घरात हे सर्व असताना त्यासाठी चौपट पैसे मोजावेत असे मला वाटत नाही.

थर्मामीटरचा दुसरा उपयोग मला अनपेक्षित होता. मासा आत शिजला की नाही हे पाहण्यासाठी पूर्वी मी एक तुकडा मोडत असे. आता सर्वांत जाड तुकड्याच्या कडेने सळई मध्यापर्यंत सरकवते. ६३ अंश दिसले की मासा सुरक्षितपणे शिजलेला असतो आणि त्याचा रसही टिकून राहतो. एवढे झाले की तुकडे झाऱ्याने निथळून जाळीवर उभे ठेवावेत. कागदावर पसरले किंवा झाकण ठेवले, तर खालची वाफ आवरणात मुरते, आणि पावसाळ्यात तर पाच मिनिटांत सगळी मेहनत वाया जाते.

सॉसच्या बाबतीत मात्र माझे मत संमिश्र आहे. उन्हाळ्यात मी जुनागढ-तालाळ्याकडून येणाऱ्या केशर आंब्याचा गर घेते. दोन वाट्या गराला अर्धी वाटी साखर, किसलेले आले, दोन ठेचलेल्या लाल मिरच्या, मीठ, आणि कैरीचा कीस. गुजराती शेजारघरांतील छुंदा (किसलेल्या कैरीचे गोड लोणचे) आणि आमच्याकडील साखरांबा यांच्यामधली ही चव आहे, आणि कैरीच्या आंबटपणामुळे तळणीचा जडपणा कमी होतो. साखर व फळ आटत गेले की उकळण्याचे तापमान चढत जाते. जॅम साधारण १०५ अंशांवर जमतो, म्हणून ओतता येईल असा सॉस हवा असेल तर १०२ च्या आसपास थांबावे, असा हिशेब मी केला. हिशेब योग्य आहे, परंतु जेथे दोन-तीन अंशांत सॉसचा जॅम होतो तेथे एका अंशाची चूक करणारे साधन पुरेसे विश्वासाचे नाही. शिवाय दाट गर बुडाशी अधिक तापतो, त्यामुळे सळई हलवली की आकडा बदलतो. येथे मी थंड बशीवर थेंब टाकून तो किती ओघळतो हे पाहण्याच्या जुन्या रीतीकडे परतले आहे.

आंब्याचा हंगाम संपल्यावर अननस घेते. कच्च्या अननसाचा रस माशाला आधी चोळून ठेवू नये, कारण त्यातील ब्रोमेलेन हे विकर माशाची प्रथिने तोडते आणि तुकडा लगद्यासारखा होतो. शिजवलेल्या अननसात ते निष्क्रिय होते. सॉस मक्याच्या पिठाने दाट केला असेल तर व्हिनेगर अगदी शेवटी घालावे, कारण आंबटासोबत बराच वेळ उकळल्यास दाटपणा उतरतो. सॉस नेहमी वेगळ्या वाटीत वाढावा, माशावर ओतू नये.

तक्रारी तीन आहेत. आकडा स्थिर व्हायला आठ-दहा सेकंद लागतात आणि तेवढा वेळ हात तापलेल्या तेलावर धरावा लागतो, ही गोष्ट मुलांच्या हाती देण्यासारखी नाही. सळईला चिमटा नसल्याने ती कढईच्या उतरत्या काठावर टेकवून ठेवता येत नाही. टोक बुडाला टेकले तर तेलाऐवजी धातूचे तापमान दिसते, म्हणून टोक दोन-तीन सेंटिमीटर तेलात आणि बुडापासून दूर धरावे लागते. तिसरे म्हणजे वरचा भाग पाण्यापासून सुरक्षित नाही: सळई साबणाने पुसून घ्यावी, नळाखाली धरू नये. चौथ्या महिन्यात आकडे पुसट झाले, तेव्हा ओल शिरली असावी असे वाटून मी घाबरले, पण सेल बदलताच ते पूर्ववत दिसू लागले.

पुन्हा घ्यायची वेळ आली तर मी शंभर-दोनशे रुपये अधिक देऊन चिमट्याचा आणि तारेने जोडलेल्या सळईचा प्रकार घेईन, म्हणजे काच ओट्यावर राहील आणि दोन्ही हात मोकळे राहतील. तोपर्यंत आमच्याकडे रविवारी सासूबाई थेंब टाकतात, मी आकडा वाचते, आणि ४०० ग्रॅम मासा तीन-तीन तुकड्यांच्या घाण्यांत तळला जातो; सर्वांची पाने वाढून व्हायला पूर्वीपेक्षा १० मिनिटे अधिक लागतात, पण शेवटचा तुकडाही मोडताना वाजतो.